कथेत वेळेचा कायदा लिहायचाय? आधी घड्याळ कोणाचं ते ठरवा

विज्ञानकथा लिहायला घेतलेल्या खूप जणांच्या डोक्यात वेळेशी खेळणारी कल्पना असते, कोणी काळात मागे जातं, कोणी वेळ थांबवतं, आणि मग साहजिकच पुढचा प्रश्न येतो की अशा समाजात सरकार काय करत असेल, काहीतरी कायदा असेलच ना. इथे बहुतेक जण एका ओळीत काम उरकतात, "वेळेशी छेडछाड केल्यास मृत्युदंड", आणि दोन-चार काळ्या गणवेशातले पोलिस आणतात. त्या ओळीने कथा मरते. वाचकाला कायदा नीट माहीत असतो हो, त्याने रेशनकार्डात नाव घालायला खेटे घातलेले असतात, सातबाऱ्यावरची चुकीची नोंद दुरुस्त करायला तलाठ्याकडे बसलेला असतो, त्यामुळे खोटा कायदा त्याला लगेच कळतो.

मी अशा एका कथेसाठी पूर्ण कायदा लिहून काढलाय, कलमांसकट, आणि त्यात जे कळलं ते नवीन लिहिणाऱ्यांसाठी इथे क्रमाने देते. माझं एकच म्हणणं आहे आणि ते पुढे सारखं येईल: वेळेचा कायदा म्हणजे कुणाच्या घड्याळाने मोजायचं याचा निर्णय. बाकी सगळं त्याच्या मागून येतं.

आधी काय काय जमवायचं

- एक जाड वही, आणि वेगळे लांब कागद, ज्यावर प्रत्येक पात्राचा काळ आडव्या रेषेत मांडता येईल. कॉम्प्युटरवर करू नका असं नाही, पण भिंतीवर लावलेला कागद सारखा दिसत राहतो त्याचा उपयोग होतो.
- १९६३ चा मुदतीचा कायदा, म्हणजे लिमिटेशन अ‍ॅक्ट. दावा किती काळात लावायचा ते यात असतं. छोटा आहे, कलमं ३२ च आहेत, इंडिया कोडच्या सरकारी साइटवर फुकट मिळतो.
- १८९७ चा जनरल क्लॉजेस अ‍ॅक्ट. यात वर्ष म्हणजे काय, महिना म्हणजे काय, अमुक तारखेपासून म्हटलं की ती तारीख धरायची की नाही, हे सगळं आहे.
- राज्यघटनेतली कलम २० आणि २२.
- घरातलं कुठलंही पंचांग.
- ओळखीतला एखादा वकील, कोर्टातला शिरस्तेदार किंवा तहसील ऑफिसात काम केलेला माणूस. याची गरज शेवटी लागते, पण आत्ताच सांगून ठेवा.

पायरी १: वेळेचं नक्की काय करता येतं ते एका वाक्यात लिहा

मागे जाता येतं, का वेळ हळू करता येते, का तोच दिवस पुन्हा जगता येतो? एकच निवडा. तिन्ही घेतलं तर कायद्याला हजार कलमं लागतील आणि तरीही वाचक भोकं काढेल.

मी हळू करणं निवडलं, आणि नवीन माणसाला मी तेच सुचवीन, कारण त्याला खऱ्या विज्ञानाचा आधार आहे. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या दोघांनी अणुघड्याळं साध्या प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली आणि ती जमिनीवरच्या घड्याळांशी जुळेनात, अगदी अब्जांश सेकंदांचा फरक, पण आइन्स्टाइनच्या गणिताप्रमाणे. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं रोज साधारण ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि ते आधीच धरून दुरुस्त करावं लागतं, नाहीतर मोबाइलवरचा नकाशा भलतीकडेच दाखवेल. आणि आपल्याकडे तर ही कल्पना कितीतरी जुनी आहे. राजा ककुद्मी मुलगी रेवतीला घेऊन ब्रह्मदेवाकडे स्थळ विचारायला गेला, तिथे गाणं चाललं होतं म्हणून जरा थांबला, आणि परत येईपर्यंत पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटून गेली होती. मनात धरलेली सगळी स्थळं गेली, वंश गेले, शेवटी रेवतीचं लग्न बलरामाशी लागलं. वकिलाच्या नजरेने ही गोष्ट वाचा एकदा. त्याच्या राज्यावर हक्क कोणाचा? रेवतीचं वय किती धरायचं?

माझ्या काल्पनिक राज्यात संथ खोल्या आहेत. आत १ दिवस गेला की बाहेर ३० दिवस जातात. बस, एवढंच. मागे जाता येत नाही. आकडा मुद्दाम सोपा ठेवलाय म्हणजे लिहिताना आणि वाचताना तोंडी हिशोब होतो.

पायरी २: घड्याळ कोणाचं

इथे सगळ्यात जास्त वेळ घालवा, आठवडे गेले तरी चालतील.

हा प्रश्न मी कल्पनेतून काढलेला नाही, खरा भांडून सोडवलेला आहे. १८५८ साली इंग्लंडात डॉर्चेस्टरला एक खटला होता, कर्टिस विरुद्ध मार्च. कोर्टाची वेळ सकाळी १० ची. कोर्टातलं घड्याळ रेल्वेच्या म्हणजे ग्रीनिचच्या वेळेवर लावलेलं. न्यायाधीश १० वाजून गेल्यावर बसले, प्रतिवादी दिसेना, निकाल त्याच्याविरुद्ध दिला. माणूस थोड्याच वेळात आला आणि म्हणाला, गावच्या घड्याळाप्रमाणे मी वेळेवर आहे. आणि वरच्या कोर्टाने त्याचं ऐकलं! कारण दहा म्हणजे कुठले दहा हे कुठल्याच कायद्यात लिहिलेलं नव्हतं. ते लिहिण्यासाठी ब्रिटनला १८८० मध्ये वेगळा कायदा करावा लागला.

आपल्या मुंबईचं तर काय सांगावं. १ जानेवारी १९०६ पासून देशात प्रमाणवेळ आली, ग्रीनिचच्या साडेपाच तास पुढे, ८२ अंश ३० मिनिटं रेखांशावरची. मुंबईची स्वतःची वेळ होती ४ तास ५१ मिनिटं, म्हणजे नव्या वेळेपेक्षा ३९ मिनिटं मागे. त्याच जानेवारीत गिरणी कामगारांनी काम बंद केलं, दगडफेक झाली, कारण घड्याळ ३९ मिनिटं पुढे सरकवलं की कामगाराला खऱ्या सूर्याच्या हिशोबाने तेवढंच आधी उठून भोंग्याला हजर व्हावं लागणार होतं. शहराचा हट्ट इतका की मुंबई टाइम १९५५ पर्यंत कुठे ना कुठे वापरात राहिला. आसामात चहाच्या मळ्यांवर आजही बागान टाइम चालतो, प्रमाणवेळेच्या एक तास पुढे. १९४८ च्या कारखाना कायद्याचं (नोव्हेंबर २०२५ मध्ये त्याच्या जागी नवी संहिता आली) तिसरं कलम काढून बघा, त्यात म्हटलं होतं की या कायद्यात वेळ म्हणजे भारतीय प्रमाणवेळ, पण जिथे ती सहसा पाळली जात नाही तिथे राज्य सरकार नियम करू शकतं. म्हणजे आपल्या पुस्तकातल्या कायद्यानेसुद्धा एक खिडकी उघडी ठेवली होती.

हे सगळं वाचून मी दोन शब्द केले. खोलीबाहेर सगळ्यांचा जो काळ चालतो तो जगकाळ. माणसाच्या शरीराने प्रत्यक्ष काढलेला तो अंगकाळ. संथ खोलीत न गेलेल्या माणसाचे दोन्ही सारखेच. गेलेल्याचे वेगळे. आता कायद्यातल्या प्रत्येक मुदतीपुढे तुम्हाला यातलं एक लिहायचंय, आणि तिथेच तुमचा समाज कसा आहे ते दिसतं.

एक उदाहरण घ्या. सोळा वर्षांची मुलगी. घरच्यांनी तिला संथ खोलीत ठेवलं. बाहेर दोन वर्षं गेली, आत तिचे जेमतेम चोवीस दिवस गेले. दाखल्यावर ती अठरा वर्षांची झाली आणि मांडव पडला. कायदा जगकाळाने वय मोजत असेल तर हे लग्न कायदेशीर आहे. हे लक्षात आल्यावर मला झोप लागली नाही, आणि मग माझ्या कायद्यातलं पहिलं पक्कं कलम ठरलं, की वय नेहमी अंगकाळाने.

सापळा: "सगळीकडे जगकाळ" किंवा "सगळीकडे अंगकाळ" असं ठरवून मोकळं व्हायचा मोह होतो. दोन्हीत कोणीतरी चिरडलं जातं. सरसकट अंगकाळ धरला तर सावकाराचं देणं असलेला माणूस खोलीत एक महिना बसतो, बाहेर अडीच वर्षं निघून जातात, आणि तो म्हणतो माझा तर एकच महिना झाला, व्याज एका महिन्याचंच घ्या.

पायरी ३: कायदा कोणाच्या भांडणातून आला

कायदे आकाशातून पडत नाहीत. कोणीतरी वेळेचा फायदा काढला, कोणाचं तरी पोट त्यात मारलं गेलं, मग आरडाओरडा झाला, मग समिती, मग कायदा.

माझ्या कथेत सुरुवात हापूसने होते. मे महिन्यात व्यापारी शेतकऱ्याकडून पडत्या भावात पेट्या उचलतो, संथ खोलीत टाकतो, आंब्याला सहाच दिवस होतात आणि बाहेर नोव्हेंबर उजाडतो. दिवाळीत ताजा हापूस, भाव तो म्हणेल तो. बागायतदाराला यातलं काहीच मिळत नाही कारण खोलीचं भाडं त्याला परवडत नाही. इथून मोर्चा निघतो, कायद्याची मागणी होते. मग व्यापारी असोसिएशन म्हणते की आम्ही तर नासाडी वाचवतोय, आणि त्यांचंही अगदीच खोटं नाही.

तुमच्या गोष्टीत आंबा नसेल, काहीही असेल, पण पहिला वापर पोटापाण्याचा ठेवा. काळ हाताशी आला की माणसं राजे मारायला धावत नाहीत, ती आधी व्याज, भाडं, वारसा आणि जमिनीची हद्द बघतात. मागे जाण्याची सोय ठेवली असेल तर माझ्या मते पहिली गर्दी फेरफार नोंदवहीपाशी होईल. मागच्या तारखेचा स्टॅम्प पेपर शोधणारी माणसं आपण बघितलेली आहेत.

पायरी ४: कलमं लिहा, पण दहापेक्षा जास्त नकोत

कथेत दोन-तीनच दिसणार आहेत तरी दहा लिहा, म्हणजे पात्रं बोलताना आपोआप बरोबर बोलतात. खऱ्या कायद्याचा सांगाडा असा असतो: नाव आणि कधीपासून लागू, व्याख्या, परवानगी कोणाला, मनाई कशाला, अपवाद, अधिकारी कोण, शिक्षा, अपील, आणि जुन्या प्रकरणांचं काय.

हे शेवटचं नवीन माणूस हमखास विसरतो. कायदा यायच्या आधी जे खोलीत गेले आणि नंतर बाहेर आले त्यांचं काय करायचं? आपल्या घटनेचं कलम २०(१) म्हणतं की कृत्य केलं तेव्हा जो कायदा अमलात होता तो मोडला असेल तरच गुन्हा. माझ्या कथेतला मुख्य माणूस कायदा यायच्या आदल्या दिवशी आत जातो आणि त्याच्या हिशोबाने चार दिवसांनी बाहेर येतो, तोवर बाहेर चार महिने झालेत आणि दारातच त्याला पकडतात. आत असणं हे एकदाच केलेलं कृत्य, का दर क्षणी चालू असलेलं? वकील यावर दिवसभर बोलू शकतात, तुमच्या कथेला एक अख्खा प्रसंग मिळतो.

भाषा थोडी सरकारी हवी. "या अधिनियमात, संदर्भानुसार दुसरा अर्थ अपेक्षित नसेल तर" अशी सुरुवात, मध्येच "परंतु असे की" येऊन आधी दिलेलं सगळं काढून घेणं. माझं एक कलम नमुन्याला देते:

"कोणत्याही व्यक्तीचे वय, तिचे शिक्षण, विवाह, नोकरी किंवा निवृत्ती यांच्या प्रयोजनार्थ, अंगकाळाने मोजण्यात येईल, परंतु असे की, अंगकाळ पत्रक सादर न केल्यास, प्रतिकूल पुरावा नसेल तोपर्यंत, जगकाळ हाच अंगकाळ असल्याचे गृहीत धरण्यात येईल."

त्या "परंतु" मध्ये त्या सोळा वर्षांच्या मुलीच्या बापाने पत्रक, म्हणजे तिचा खरा अंगकाळ लिहिलेला कागद, लपवलं की संपलं. कथा तिथून सुरू होते.

पायरी ५: प्रत्येक मुदत हातात घेऊन तपासा

आता १९६३ चा कायदा उघडा. मला तो वाचताना खरंच आनंद झाला, कारण आपल्याला वाटतं त्याहून जास्त वेळा कायदा काळ थांबवतो, पुढे ढकलतो, मोजायचा सोडून देतो. कलम १२: ज्या दिवसापासून मुदत सुरू तो दिवस धरत नाहीत. कलम ४: शेवटच्या दिवशी कोर्ट बंद असेल तर कोर्ट उघडेल त्या दिवशी दावा चालतो. कलम ५: सबळ कारण असेल तर अपिलाला झालेला उशीर माफ. कलम ९: एकदा मुदत धावायला लागली की नंतर आलेल्या अडचणीने ती थांबत नाही. आणि कलम १५ मध्ये आहे की प्रतिवादी देशाबाहेर असेल तो काळ मोजायचा नाही. संथ खोलीत बसलेला कर्जदार देशात आहे का देशाबाहेर? उसन्या पैशाच्या दाव्याला मुदत तीन वर्षं. आत बसून तीन वर्षं काढायला त्याला फक्त साडेछत्तीस दिवस लागतात. मी माझ्या कायद्यात खोलीला परदेशासारखंच धरलं, म्हणजे सावकाराची मुदत तेवढी थांबते. तुम्ही उलटं ठरवू शकता, पण ठरवा.

मग ही यादी घ्या आणि प्रत्येकापुढे अंग किंवा जग लिहा:

- सज्ञान होण्याचं वय. १८७५ च्या कायद्यात जन्माचा दिवस पूर्ण दिवस म्हणून धरतात, हेही बघून ठेवा.
- अटक. घटनेच्या कलम २२ प्रमाणे प्रवासाचा वेळ सोडून २४ तासांत मॅजिस्ट्रेटसमोर उभं करायचं. संथ कोठडीत अंगकाळाने २४ तास म्हणजे घरच्यांसाठी महिनाभर माणूस गायब. जगकाळाने मोजले तर पोलिसांच्या हाती त्याचे फक्त ४८ मिनिटं, दोन घटका.
- तुरुंग. संथ कोठडीत जगकाळाने दहा वर्षांची शिक्षा, माणसाचं वय चारच महिन्यांनी वाढतं आणि तो बाहेर येतो, पण आई गेलेली असते, मुलं ओळखत नाहीत. ही दया आहे का क्रूरपणा, माझ्या कथेत दोन न्यायाधीशांचं यावर एकमत होत नाही आणि मीही ते होऊ दिलेलं नाही.
- सात वर्षं पत्ता नसलेला माणूस. तो जिवंत आहे हे सिद्ध करायचं ओझं मग जिवंत म्हणणाऱ्यावर येतं. खोलीत सात वर्षं म्हणजे तीन महिनेसुद्धा नाहीत.
- पगार, पेन्शन, विम्याचे हप्ते, घरभाडं.

पैशाच्या बाबतीत खरे दाखले भरपूर आहेत. १७५२ साली ब्रिटनने पंचांग बदललं, २ सप्टेंबरनंतर थेट १४ सप्टेंबर आला, पण कायद्यातच लिहून ठेवलं होतं की भाडं, देणी, करार आणि सज्ञान व्हायचं वय यातलं काहीही यामुळे अलीकडे येणार नाही, नैसर्गिक दिवस पूर्ण व्हायलाच हवेत. सामोआने २०११ मध्ये तारीखरेषेची बाजू बदलली आणि ३० डिसेंबरचा शुक्रवार त्यांच्या कॅलेंडरातून नाहीसा झाला, तेव्हा त्या न आलेल्या दिवसाचा पगार कामगारांना द्यायला सरकारने सांगितलं. बघा, सरकारला सुचू शकतं असं. आणि आपल्या पंचांगात क्षयतिथी, वृद्धितिथी, अधिक मास हे सगळं आहेच, एखादी तिथी सूर्योदय न बघताच निघून जाते आणि लोक व्रत कुठल्या दिवशी धरायचं ते शांतपणे ठरवतात. तुमच्या समाजातल्या म्हाताऱ्या बायका याच शहाणपणाने संथ खोलीतल्या नवऱ्याची वटपौर्णिमा मोजतील.

पायरी ६: खिडकीसमोर उभे राहा

कायदा पुस्तकात राहिला तर कथेत येत नाही. एक सामान्य पात्र घ्या आणि त्याला परवान्यासाठी ऑफिसात पाठवा. माझ्या कथेत एका बाईला आजारी नवऱ्याला खोलीत ठेवायचंय, औषध यायला वर्ष लागणार आहे आणि त्याच्याकडे तेवढे महिने नाहीत. तिला लागणारी कागदपत्रं अशी:

- अर्ज, दोन प्रतींत, नवऱ्याच्या सहीचा किंवा अंगठ्याचा
- डॉक्टरचा दाखला, ३० दिवसांच्या आतला. कुठल्या काळाने ३० दिवस, हे फॉर्मवर छापलेलं नाही
- आधीचं अंगकाळ पत्रक, नसल्यास कधीच आत गेलो नाही असं प्रतिज्ञापत्र
- नवरा ज्यांचं देणं लागतो त्या सगळ्या सावकारांची ना-हरकत
- सज्ञान वारसांची संमती
- बाहेर राहून त्याच्या वतीने सह्या करणाऱ्या माणसाचं नाव

चौथ्या कागदाशी ती अडते, कारण एक सावकार स्वतःच खोलीत आहे. हा प्रसंग मला आधी सुचला नव्हता, यादी लिहिल्यावर आला. म्हणून यादी लिहाच.

खिडकीमागचा क्लार्क वाईट माणूस करू नका. तो नियमाने वागतोय आणि तिला मदतही करायची त्याची इच्छा आहे, पण अंगकाळ मोजायचं यंत्र तालुक्यात एकच आहे आणि ते दुरुस्तीला गेलंय.

पायरी ७: एक पळवाट ठेवा, एकच

१८७२ च्या जुन्या पुरावा कायद्यात उदाहरण होतं: गुन्हा कलकत्त्यात झाला का हा प्रश्न असेल तर त्या दिवशी आरोपी लाहोरला होता ही गोष्ट महत्त्वाची. वेळ मागे नेता येणाऱ्या समाजात हा बचाव कोसळतो, माणूस दोन्हीकडे असू शकतो. संथ खोलीत तो उलट फार मजबूत होतो, आत असल्याची नोंद म्हणजे लोखंडी पुरावा. म्हणून माझ्या कथेतली पळवाट त्या नोंदवहीत आहे. आत गेल्याची सही जगकाळाची तारीख घालून करतात, बाहेर येतानाची अंगकाळाची. दोन रकान्यांच्या मध्ये माणूस मावतो.

पळवाट कायद्याच्या चांगल्या हेतूतूनच निघाली पाहिजे. दोन पळवाटा दिल्यात तर वाचकाला कायदा ढिसाळ वाटतो आणि तुमच्यावरचा विश्वास जातो.

पायरी ८: कागदावरच्या माणसाकडून तपासून घ्या

आता त्या वकिलाला किंवा तहसीलमधल्या ओळखीच्यांना फोन करा. कथा देऊ नका, नुसती कलमं द्या आणि सांगा की तुमचा अशील यात अडकलाय, त्याला सोडवा. ते जिथे हसतील तिथे खूण करा, आणि जिथे गप्प होऊन पुन्हा वाचतील तिथे दोन खुणा. साहित्यिक मित्राला हे जमत नाही, तो शैलीबद्दल बोलत बसतो.

मग कथेतून कलमं काढून टाका. पूर्ण मजकूर कुठेही चिकटवू नका, एखादं वाक्य नोटीस बोर्डावर, एखादं पोलिसाच्या तोंडी, एखादं त्या बाईच्या पिशवीतल्या घडी घातलेल्या कागदावर, एवढंच. वही मात्र जपून ठेवा, कारण दुसरी कथा त्याच राज्यात लिहायची वेळ आली की वाचक पहिल्या कथेतलं कलम सहा तुम्हाला बरोबर आठवून विचारतात.